चाकाखालचं पाणी

“मग माझी चूक कुठं आहे, तेवढं तरी सांगा.”

आमडेकर बाईंनी मांडीला टेकवून एक पितळी चाक उभं धरलं होतं आणि काथ्याने त्याच्यावरचं शेवाळ घासत होत्या.

“मॅडम, मी तुम्हाला विचारतोय.”

“बाई म्हण. मॅडम म्हटलं की मला प्राचार्यांच्या केबिनमध्ये उभं केल्यासारखं वाटतं.”

“बाई… माझी चूक कुठं आहे?”

“शिकवताना?”

“हो.”

“मी तुला शिकवताना बघितलेलं नाही,” बाई म्हणाल्या आणि त्यांनी चाक थोडं पुढे फिरवलं.

विचारणारा होता श्रीरंग धामणस्कर. तिशीच्या आतला. विद्यापीठाचं सुवर्णपदक मिळवलेलं, आणि ते गळ्यात नसलं तरी बोलण्यात असायचंच. एका खाजगी इंजिनिअरिंग कॉलेजात तो टर्बोमशिनरी शिकवायचा. टर्बोमशिनरी म्हणजे पाण्याने, वाफेने, हवेने फिरणारी चाकं. आणि उलट, पाण्याला नि हवेला ढकलणारीही. टर्बाइन, पंप, पंखे, सगळी एकाच कुळातली.

या विषयावर त्याचा जीव होता, हे मात्र कुणीही मान्य केलं असतं. दुसरं काही शिकवावं असं त्याच्या मनात कधी आलंच नव्हतं.

पण दोन वर्षं ओळीने निम्म्याहून जास्त वर्ग नेमका याच विषयात नापास झाला. प्राचार्यांनी त्याला बोलावून सांगितलं, “सोमवारी मी आणि विभागप्रमुख मागच्या बाकावर बसू. तुम्ही शिकवा. पटलं तर ठीक. नाहीतर हा विषय दुसऱ्या कुणाला तरी द्यावा लागेल.”

आज रविवार होता. सकाळच्या पहिल्या एसटीने तो इथे आला होता, आणि चारच्या गाडीने त्याला परत जायचं होतं.

वत्सला आमडेकरांनी सरकारी कॉलेजात जन्मभर हाच विषय शिकवला होता. निवृत्त झाल्यावर त्या कोकणात, घाटाच्या पायथ्याशी, एका लहानशा मठामागच्या घरात येऊन राहिल्या. मठ कोणत्या महाराजांचा हे गावालाही धड सांगता यायचं नाही. समाधीपुढे दिवा बाईच लावत, आणि विचारलंच कुणी तर म्हणत, “असतील कुणी तरी चांगले.”

डोंगरातून एका पाइपाने पाणी खाली येई आणि पोफळीच्या बागेला जाई. जाता जाता ते अंगणातल्या चाकावर पडे. गावातली माणसं म्हणत, बाईंनी गिरणी घातली खरी, पण पीठ काही निघताना दिसत नाही.

तरी शिकणारी पोरं तिथे येत. चपला काढायच्या, आणि चपलांशेजारी खिशातलं पेनही काढून ठेवायचं, असा तिथला रिवाज होता. श्रीरंगला तो पोरकट वाटला. पण काम आपलं होतं, म्हणून त्याने पेन काढून ठेवलं.

“बघितलं नाही म्हणता, तर आता बघा,” तो म्हणाला. “फळा कुठंय?”

“फळा नाही. ही आहे.”

बाईंनी मान वळवून विहिरीकडे पाहिलं. एक मुलगी भांडं घेऊन येत होती. नसीमा मुजावर. रत्नागिरीची, तिसऱ्या वर्षाला, दुसऱ्याच कुठल्याशा कॉलेजात. हाच विषय तिचा दोनदा राहिला होता. या खेपेला राहिला तर वर्ष जाणार होतं, म्हणून सुट्टी लागताच ती बाईंकडे येऊन राहिली होती. आल्यापासून बाईंनी तिला एकही सूत्र सांगितलं नव्हतं. राखेने चाकाच्या वाट्या घासायला लावल्या होत्या.

“हिला शिकव,” बाई म्हणाल्या.

“आत्ता?”

“मग काय मुहूर्त बघू?”

“काय शिकवू?”

“उद्या काय शिकवणार आहेस?”

“वेगांचे त्रिकोण. सगळ्या टर्बोमशिनरीचा पाया आहे तो.”

“मग घाल पाया.”

श्रीरंगने चुलीपाशी पडलेला कोळसा उचलला आणि दगडी ओट्यावर काढायला सुरुवात केली. नसीमा समोर मांडी घालून बसली. बाई चाक घासत राहिल्या.

“पाणी चाकावर येतं, त्याचा जमिनीवरून दिसणारा वेग हा. चाकाच्या कडेचा वेग हा. दोन्हींतला फरक म्हणजे चाकावर बसून दिसणारा पाण्याचा वेग. झाला त्रिकोण. हा आत शिरतानाचा. असाच दुसरा, बाहेर पडतानाचा. आता लक्षात घ्या. चाक ज्या दिशेने फिरतं, त्या दिशेतला पाण्याचा वेग आत येताना किती आणि बाहेर जाताना किती, एवढंच बघायचं. तो जेवढा बदलला, त्याला चाकाच्या वेगाने गुणा. दर किलो पाण्यामागे तेवढं काम. टर्बाइन असो नाहीतर पंप, याच्या बाहेर काही नाही.”

खरंच सुरेख शिकवलं त्याने. एक वाक्य कमी नाही, एक जास्त नाही. ओट्यावरचे त्रिकोणही असे की कोळशाने काढलेत हे सांगावं लागावं.

“हो सर,” नसीमा म्हणत होती. “हो सर.”

“समजलं?” बाईंनी विचारलं.

“हो बाई. सर एकदम मस्त शिकवतात.”

“मग सांग.”

नसीमाने सांगितलं. सगळं सांगितलं, त्याच क्रमाने आणि त्याच दमात. जिथे त्याने ‘लक्षात घ्या’ म्हटलं होतं, तिथे तिनेही ‘लक्षात घ्या’ म्हटलं.

श्रीरंगने बाईंकडे पाहिलं. आता काय राहिलं, असा त्याचा चेहरा होता.

बाईंनी काथ्या खाली ठेवला.

“नसीमा, पाणी एक आहे ना?”

“हो बाई.”

“मग एका पाण्याला दोन वेग कसे?”

नसीमाने ओट्याकडे बघितलं. मग श्रीरंगकडे.

“…सर म्हणाले.”

श्रीरंगचा पारा चढला. “अगं, आत्ताच सांगितलं ना मी? सापेक्ष वेग म्हणजे काय?”

नसीमा कोळशाच्या रेघांकडे बघत राहिली.

“बारावीला होतं की नाही? कशाच्या सापेक्ष? कोण बघतंय? बोल.”

नसीमाची मान खाली गेली. पायाच्या अंगठ्याने ती जमीन उकरायला लागली.

“आत्ता दोन मिनिटांपूर्वी घडाघडा म्हणून दाखवलंस. मग आता काय झालं?”

श्रीरंगने कोळसा टाकून दिला. “बघितलंत? असे साठ बसलेले असतात माझ्यासमोर. हो सर, हो सर. आणि विचारलं की दातखीळ. मी घसा फोडून मरतो. पालथ्या घड्यावर पाणी सगळं.”

बाई उठल्या. गुडघ्यांवर हात देऊन, सावकाश.

“पालथ्या घड्यावर पाणी घातलं, तर ते जातं कुठं?”

“कुठं म्हणजे? वाया.”

“वाया म्हणजे कुठं?”

श्रीरंगने खांदे उडवले.

“चल. बघू.”

बाईंनी आणि नसीमाने मिळून चाक पुन्हा आसावर चढवलं आणि नट आवळले. परातीएवढं चाक. त्याच्या कडेने पितळेच्या जोडवाट्या, म्हणजे दोन वाट्या कडेला कड लावून जोडाव्यात आणि मधे धार ठेवावी तशा. तोटीतून आलेली पाण्याची धार त्या मधल्या कडेवर बसते, दुभंगते, दोन्ही वाट्यांत वळसा घेते आणि जिकडून आली तिकडे उलटी फिरते. कॉलेजातल्या असल्या चाकावर लोखंडी झाकण असतं. बाईंनी ते काढून कोंबड्यांना आडोसा म्हणून दिलं होतं.

आसाच्या एका टोकाला लाकडी चिमटा होता. आतून चामडं लावलेला, लांब दांड्यांचा. तो दाबला की चाकाला अटकाव होई.

“हा धर,” बाई म्हणाल्या.

चिमट्याच्या दांड्या तोटीच्या बाजूला होत्या. श्रीरंग बाह्या सरसावून तिकडे उभा राहिला. नसीमा मात्र हळूच चार पावलं मागे सरकली. आल्यापासून तेवढं शिक्षण तिचं झालं होतं.

“किती घट्ट धरू?”

“जमेल तितका.”

त्याने दोन्ही हातांनी दांड्या आवळल्या. बाईंनी कॉक फिरवला. पाणी सुटलं, वाट्यांवर आदळलं, वळलं आणि सरळ श्रीरंगच्या छातीवर आलं. मग चष्म्यावर, मग कानात. डोंगरातलं पाणी, जानेवारीतलं.

चाक जागचं हललं नाही.

“सोडू का?” तो ओरडला.

“जोर लागतोय?”

“प्रचंड.”

“चामड्याला बोट लाव.”

त्याने एका हाताने चाचपलं. “थंड आहे.”

“हं. आणि पाणी कुठं पडलं?”

“कुठं म्हणजे? माझ्यावर.”

“आता पार सोड.”

त्याने चिमटा सोडला. चाक सुटलं. आधी वाट्या दिसत होत्या, मग दिसेनाशा झाल्या, मग नुसती शीळ ऐकू यायला लागली.

“केवढं पळतंय,” नसीमा म्हणाली.

श्रीरंगही बघत राहिला. पळणारं चाक बघायला कुणालाही आवडतं.

“चामडं?” बाईंनी विचारलं.

“टेकतच नाहीये. थंडच.”

“पाणी?”

त्याने चष्मा पुसला. पाणी चाकाला जणू शिवून पुढे निघून जात होतं आणि समोरच्या मठाच्या भिंतीवर आदळत होतं.

“पुढं गेलं,” तो म्हणाला. “आलं तसंच गेलं.”

“आता तू बघ,” बाई म्हणाल्या आणि पायरीवर जाऊन बसल्या.

“काय बघू?”

श्रीरंगने चिमटा पुन्हा धरला आणि हळूहळू दाबायला लागला. नजर चाकावर.

“चाकाकडे नको. जमिनीकडे बघ.”

तो जमिनीकडे बघायला लागला. भिंतीवर जाणारं पाणी अलीकडे पडू लागलं. अजून थोडं दाबलं. अजून अलीकडे. थोडं जास्त झालं तर ते उलटं त्याच्या पायांवर आलं. त्याने जरा सैल केलं.

मग एका ठिकाणी पाणी ना मागे आलं, ना पुढे गेलं. चाकाच्या खाली पडायला लागलं. नुसतं पडत होतं. इतक्या डोंगरावरून इतक्या जोराने आलेलं पाणी, आणि गळक्या पन्हळीतून गळावं तसं निमूट खाली येत होतं.

“बाई, चामडं तापलं.”

“हं.”

“वास येतोय. हात भाजतोय.”

“मग सोड. भाजून घ्यायला नाही सांगितलं.”

त्याने चिमटा सोडला. नसीमाने कॉक बंद केला. अंगणात एकदम शांत झालं.

श्रीरंग अंगाला चिकटलेला शर्ट ओढत म्हणाला, “हे मला माहीत आहे. चाकाच्या कडेचा वेग धारेच्या निम्मा ठेवला की काम सगळ्यात जास्त. थांबलेल्या चाकावर जोर सगळ्यात जास्त पण काम शून्य. मोकळ्या चाकाला वेग सगळ्यात जास्त पण काम शून्य. परीक्षेत दरवर्षी येतं. दोन ओळींत सिद्ध करून देतो.”

“माहीत आहे ते दिसतंच आहे,” बाई म्हणाल्या. “शर्ट वाळत घाल.”

त्याने शर्ट काढून दोरीवर टाकला. बाईंनी आतून एक जुनी शाल आणून दिली. ती पांघरून तो पायरीवर बसला, आणि बराच वेळ ओल्या भिंतीकडे बघत राहिला. मग एकदम त्याचा चेहरा उजळला.

“कळलं. म्हणजे मी पाणी, आणि वर्ग म्हणजे चाक. असंच ना?”

“मी कुठं म्हटलं?”

“मग… मी चाक?”

“मला भाकऱ्या टाकायच्यात,” असं म्हणून बाई आत गेल्या.

अंगणात दोघेच राहिले. श्रीरंगला त्या मुलीकडे बघायची थोडी लाज वाटत होती. मघाशी आपण तिच्यावर खेकसलो, आणि तिच्यादेखत असे चिंब झालो. यातलं जास्त काय लागलं होतं, ते त्याचं त्यालाच ठाऊक.

नसीमाने काही न बोलता कॉक उघडला आणि चिमटा स्वतः धरला. दाबत, सोडत, पाणी चाकाखाली पडेपर्यंत तिने हात जमवला.

“सर,” ती चाकावरची नजर न काढता म्हणाली, “पाणी वाटीत शिरतं आणि मागं वळतं. बरोबर ना?”

श्रीरंगने तोंड उघडलं. उत्तर तयार होतं, नेहमीसारखं, शेवटच्या पूर्णविरामासकट. पण थंडीने त्याचे दात वाजत होते. त्यातून कसंबसं “हं” बाहेर पडलं.

“मग ते मागं का जात नाही? खाली का पडतं?”

पुन्हा उत्तर तयार होतं. पुन्हा दात वाजले. त्याने शाल घट्ट ओढून घेतली.

नसीमा थांबली. सरांकडून काही येत नाही म्हटल्यावर ती पुन्हा चाकाकडे वळली. एका वाटीवर नजर ठेवून तिने मान फिरवली. पुन्हा वर नेली, पुन्हा त्या वाटीबरोबर खाली आणली. असं बराच वेळ चाललं.

“थांबा हं,” ती म्हणाली. थांबायला दुसरं कुणी काही करत नव्हतं. “समजा मी एसटीत बसलेय. शेंगा खातेय. टरफल मागं फेकलं. गाडी जेवढ्या जोरात पुढं चाललीय, तेवढ्याच जोरात मागं फेकलं. मला काय दिसणार? मागं गेलं. आणि रस्त्यावर जो उभा आहे…”

तिने बोटाने जमिनीकडे दाखवलं.

“त्याला दिसणार की नुसतं खाली पडलं.”

श्रीरंग ऐकत होता.

“सर, मग दोन वेग नाहीतच ते. बघणारी माणसं दोन आहेत. मी वाटीत बसले की वेगळं दिसतं आणि इथं उभी राहिले की वेगळं. आणि मधला फरक म्हणजे आपली गाडी.” तिने मान वळवून ओट्यावरच्या कोळशाकडे पाहिलं. “तो त्रिकोण हाच का?”

“हो,” श्रीरंग म्हणाला.

नोकरीला लागल्यापासून तो हे शिकवत होता. पण असं वाक्य त्याच्या तोंडून कधी निघालं नव्हतं. आधी त्याला हेवा वाटला. मग फार बरं वाटलं. इतकं बरं त्याला पदक घेतानाही वाटलं नसावं.

नसीमाचं लक्ष नव्हतं. ती आता खाली वाकून, गालाला पाणी लागेल इतकं जवळ तोंड नेऊन बघत होती.

“पण सर, एक अडचण आहे.”

“कुठली?”

“पाणी इथं असं मेल्यासारखं पडलं, तर मागून येणारी वाटी त्याच्यावर नाही का आपटणार? त्याने वाट तर सोडायला पाहिजे.”

दात आता वाजायचे थांबले होते. श्रीरंग सावरून बसला. हे त्याच्या हातातलं होतं.

“म्हणून ते पूर्ण उलटं वळवतच नाहीत. एकशे ऐंशी अंश वळवायच्या ऐवजी एकशे पासष्टच्या आसपास ठेवतात. म्हणजे पाणी थोडं बाजूला निघून जातं.”

“म्हणजे थोडा जोर त्याच्याकडेच राहू द्यायचा.”

“बरोबर.”

“सगळा काढून घ्यायचा नाही.”

“नाही.”

“किती ठेवायचा?”

“सांगितलं ना, एकशे पासष्ट.”

“ते वळण झालं, सर. ते तेवढंच का? कमी ठेवलं तर वाटी आपटणार, जास्त ठेवलं तर काम वाया. मधे कुठं थांबायचं, ते कशावरून ठरलं?”

श्रीरंगने चष्मा पुसला.

दर वर्षी तो हा आकडा फळ्यावर लिहायचा आणि त्याला चौकट करायचा. चौकट केली की मुलं वहीत चौकट करत. आजवर कुणी विचारलं नव्हतं, आणि त्यानेही कुणाला विचारलं नव्हतं.

“मला आकडा माहीत आहे,” तो म्हणाला.

“आणि?”

“…आकडाच माहीत आहे.”

विद्यार्थ्यासमोर हे तो आयुष्यात पहिल्यांदा बोलला. अंगात थंडी भरलेली असताना त्याचे कान तापले. आता ही हसणार, असं त्याला वाटलं.

नसीमा हसली नाही. तिच्या मनात हसण्याजोगं काही नव्हतंच.

“मग बघायचं का?” ती म्हणाली. “वाट्यांच्या पाठीला राख फासू. पाणी पाठीवर आपटत असेल तर राख धुऊन जाईल. नसेल तर राहील.”

“बाकी उडणारं पाणी लागेलच की पाठीला.”

“मग राख थोड्या तुपात कालवू. नुसत्या शिंतोड्यांनी जाणार नाही.”

श्रीरंगने विचार केला. विचार करावाच लागला त्याला. “तुपात नको. फार चिकट होईल. पिठाच्या लापशीत कालव.”

ती आत धावली. “बाई, थोडी राख. आणि थोडं पीठ.”

बाईंनी तव्यावरची भाकरी उलटली आणि डाव्या हाताने डबा पुढे सरकवला. कशाला, असंही विचारलं नाही.

भाकऱ्या होऊन, आमटीला कढ येऊन बाई बाहेर आल्या तेव्हा चाक थांबलेलं होतं. दोघंही त्याच्यापाशी उकिडवे बसले होते. शाल कधीच चिखलात पडली होती.

“या वाटीवर राख आहे, आणि या वाटीवरची गेलीय,” श्रीरंग म्हणत होता. “म्हणजे वाट्या सारख्या नाहीत. एखादी वाकलेली आहे.”

“सर, वाट्या मी घासल्यात. वाकलेली एकही नाही.”

“मग तुझा हात हलला असेल चिमट्यावर.”

“आणि तुम्ही मधेच कॉक वाढवलात, त्याचं काय?”

“मी? कधी?”

“मला म्हणालात, आता बघ. तेव्हा.”

श्रीरंग आठवायला लागला. “…हो. वाढवला होता.”

“मग पुन्हा करायला पाहिजे.”

“जेवून घ्या,” बाई म्हणाल्या.

“पाच मिनिटं, बाई,” दोघंही एकदम म्हणाली.

पाच मिनिटांचं बरंच काही झालं. राख पुन्हा फासली गेली, पुन्हा धुऊन गेली, आणि या खेपेला भलत्याच वाट्यांवर राहिली. का, ते दोघांनाही कळलं नाही. शेवटी गार झालेली भाकरी आणि आमटी त्यांनी ओट्यावरच खाल्ली. मघाचे ते सुबक त्रिकोण नसीमाच्या ताटाखाली पुसून गेले, आणि श्रीरंगचं तिकडे लक्षही गेलं नाही.

जेवताना एकदा तो हातातला घास तसाच ठेवून चाकाकडे बघत बसला. नसीमाने बाईंकडे बघून डोळ्यांनीच खूण केली. बाईंनी तिला आमटी वाढली.

साडेतीन झाले. शर्ट वाळला होता. तो अंगात घालून श्रीरंग बाईंच्या पाया पडला. सकाळी आला तेव्हा त्याने नुसते हात जोडले होते.

“बाई, उद्या…”

“काय?”

“त्रिकोणांचा तास घेणार होतो. सगळी तयारी केलीय. पन्नास मिनिटांत बसवलाय, एक मिनिट वाया न घालवता.”

“मग घे की.”

“नाही. मी राखेचं विचारणार.”

बाईंनी कोंबड्यांच्या दाण्यांचा डबा उचलला.

“पाण्याकडे किती ठेवायचं, आणि ते कशावरून ठरवायचं, एवढंच विचारणार. पण त्याचं उत्तर मला येत नाही.”

“बरं झालं.”

“मागे प्राचार्य बसणार आहेत. विभागप्रमुख बसणार आहेत. मी प्रश्न विचारला, आणि साठातलं कुणी काहीच बोललं नाही तर?”

“तर तूही बोलू नको.”

“प्राचार्य म्हणतील, याला काही येत नाही. उभा राहून पगार घेतो.”

“म्हणतील कदाचित.”

“विषय जाईल माझा.”

“जाईल कदाचित.”

श्रीरंगला वाटलं होतं, निदान आता बाई काही धीर देतील. बाई कोंबड्यांना दाणे टाकत होत्या. खाली रस्त्यावर गाडीचा हॉर्न वाजला. नसीमाने त्याची पिशवी आणून दिली.

तो पायऱ्या उतरून गेला आणि पुन्हा दोन पायऱ्या वर आला.

“आणि समजा, गप्प राहिलो. ते बोलेपर्यंत राहायचं म्हटलं. तर किती वेळ लागेल, बाई?”

बाईंनी हातातले उरलेले दाणे झटकले.

“इथं तुला किती लागला?”